आसेरेखे, रागातांगा आणि तुमची रील : एका कव्हर गाण्यामागे कुणाकुणाचे हक्क असतात?

२००२ साली स्पेनच्या कोर्दोबा शहरातल्या तीन सख्ख्या बहिणींचं पहिलं गाणं बाजारात आलं. लोला, पिलार आणि लुसिया मुन्योस या त्या बहिणी. त्यांचे वडील खुआन मुन्योस फ्लॅमेंको गिटार वाजवायचे आणि त्या वर्तुळात ‘एल तोमाते’, म्हणजे टोमॅटो, या नावाने ओळखले जायचे. टोमॅटोच्या मुली म्हणून गटाचं नाव ‘लास केचप’. गाण्याचं नाव ‘आसेरेखे’. बाहेरच्या जगात ते ‘केचप साँग’ म्हणून गाजलं. त्या वर्षी ब्रिटनपासून इटलीपर्यंत ते पहिल्या क्रमांकावर जाऊन बसलं. स्पॅनिशचा गंध नसलेली माणसं त्याचं ध्रुवपद घडाघडा म्हणायची आणि दोन्ही हात एकमेकांवरून फिरवत, अंगठे खांद्यामागे उडवत नाचायची.

त्यानंतर या गाण्याच्या कितीतरी आवृत्त्या आल्या. ब्राझीलमध्ये एका दुसऱ्याच मुलींच्या गटाने ते ‘रागातांगा’ नावाने गायलं, आणि तिथे तीच आवृत्ती घरोघरी पोचली.

आज हा विषय काढण्याचं कारण वेगळं आहे. कव्हर, म्हणजे दुसऱ्याचं गाणं आपल्या आवाजात, गाऊन टाकलेल्या व्हिडिओवर कॉपीराइट क्लेम, म्हणजे ‘हे गाणं आमचं’ असा दावा, येणं, रीलचा आवाज अचानक बंद होणं, हे आता गावोगावच्या गायक मुलामुलींच्या वाट्याला येतं. त्यांचा प्रश्न साधा असतो: गाणं मी गायलं, वाद्यं माझ्या मित्राने वाजवली, मग दुसऱ्याचा हक्क आला कुठून? याचं उत्तर समजून घ्यायला ‘आसेरेखे’इतकं चांगलं उदाहरण मला दुसरं सापडत नाही, कारण या गाण्याच्या पोटात आणखी दोन गाणी लपलेली आहेत.

ते अगम्य शब्द आले कुठून?

‘आसेरेखे’चं ध्रुवपद स्पॅनिशमध्ये नाही. ते कुठल्याच भाषेत नाही. गीतकार-संगीतकार मान्युएल रुईस, ज्यांना ‘केको’ म्हणून ओळखतात, त्यांनी दिएगो नावाच्या एका माणसाची गोष्ट लिहिली. दिएगो रात्री बाराच्या ठोक्याला क्लबात येतो. तिथल्या डीजेला त्याची आवड ठाऊक असते, म्हणून तो दिएगोचं लाडकं इंग्रजी गाणं लावतो. दिएगोला इंग्रजी येत नाही. तो जसं कानावर पडेल तसं, मोडूनतोडून, पण पूर्ण जोशात गातो. ते मोडलेलं इंग्रजी म्हणजेच ‘आसेरेखे’.

ते लाडकं गाणं म्हणजे अमेरिकेतल्या ‘शुगरहिल गँग’चं १९७९ मधलं ‘रॅपर्स डिलाइट’. त्याच्या सुरुवातीला ‘आय सेड अ हिप हॉप’ असं येतं. ते भरभर म्हणा आणि मग ‘आसेरेखे’ म्हणून बघा. हिंदी किंवा इंग्रजी गाण्याचे शब्द आपण लहानपणी असेच चुकीचे गायलो आहोत, त्यामुळे दिएगो आपल्याला परका वाटत नाही.

पुढे या अगम्य शब्दांवरून लॅटिन अमेरिकेत अफवा उठली की गाण्यात सैतानाची भक्ती दडलेली आहे. ‘आसेरेखे’ची फोड करून त्यातून ‘पाखंडी व्हा’ असा संदेश काढला गेला. खरा उगम इतका उघड असताना आणि गीतातच गोष्ट सांगितलेली असताना ही अफवा पसरली, कारण ध्रुवपदाच्या आधीची कडवी कुणी नीट ऐकलीच नव्हती.

आता आणखी एक पायरी खाली उतरू. ‘रॅपर्स डिलाइट’चा तो खेचून घेणारा ठेका आणि बेस गिटारची ओळ तरी शुगरहिल गँगची होती का? नाही. ती ‘शीक’ या बँडच्या ‘गुड टाइम्स’ची होती. हे गाणं त्याच वर्षी, १९७९ च्या ऑगस्टमध्ये, अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर होतं. नाइल रॉजर्स आणि बर्नार्ड एडवर्ड्स हे त्याचे कर्ते. रॉजर्सने न्यूयॉर्कच्या एका क्लबात आपलीच सुरावट दुसऱ्याच्या गाण्याखाली वाजताना ऐकली आणि कायदेशीर कारवाईचा इशारा दिला. तडजोडीत दोघांची नावं ‘रॅपर्स डिलाइट’चे कर्ते म्हणून नोंदली गेली.

इथे एक बारकावा आहे. शुगरहिलच्या लोकांनी शीकची तबकडी उचलून वापरली नव्हती. स्टुडिओत वादक बसवून तोच भाग नव्याने वाजवून घेतला होता. तरीही हक्क रॉजर्स-एडवर्ड्स यांचा निघाला. ‘वाद्यं माझ्या मित्राने वाजवली’ म्हणणाऱ्यांनी हे नीट लक्षात घ्यावं.

गाणं एक दिसतं, हक्क दोन असतात

गाणं म्हणजे कायद्याच्या नजरेत दोन वेगळ्या गोष्टी. पहिली ‘रचना’, म्हणजे शब्द आणि चाल. दुसरी ‘ध्वनिमुद्रण’, म्हणजे विशिष्ट गायकाने, विशिष्ट दिवशी, विशिष्ट स्टुडिओत गायलेला तो आवाज.

पेणच्या गणपतीच्या कारखान्याचा विचार करा. मूर्तीचा साचा घडवणारा एक असतो. त्या साच्यातून मूर्ती काढून, रंगवून, डोळे आखून विकणारे कारखानदार दहा असू शकतात. रंगवलेली मूर्ती त्या त्या कारखानदाराची, पण साचा ज्याने घडवला त्याचं देणं प्रत्येकाला लागू. रचना म्हणजे साचा, ध्वनिमुद्रण म्हणजे रंगवलेली मूर्ती. कव्हर गाणारा माणूस दुसऱ्याची रंगवलेली मूर्ती उचलत नाही, हे खरं. पण साचा तो दुसऱ्याचाच वापरतो.

म्हणून मूळ ऑडिओचा तुकडा उचलून आपल्या गाण्यात घातला, ज्याला ‘सॅम्पल’ म्हणतात, तर दोन्ही हक्कदारांना विचारावं लागतं. स्वतः गाऊन-वाजवून कव्हर केलं तर ध्वनिमुद्रणाच्या मालकाला, म्हणजे बहुतेक वेळा म्युझिक कंपनीला, त्या नात्याने विचारावं लागत नाही. रचनेच्या मालकाचं देणं मात्र उरतंच. आपल्याकडे गोंधळ वाढतो तो अनेकदा रचना आणि ध्वनिमुद्रण दोन्हींचे हक्क एकाच कंपनीकडे असल्यामुळे. क्लेम एकाच नावाने येतो आणि नेमकं काय चुकलं ते कळत नाही.

भारतात रचनेचा हक्क कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो, आणि शब्द व चाल यांची मुदत वेगवेगळी मोजली जाते. गदिमा डिसेंबर १९७७ मध्ये गेले, म्हणजे त्यांचे शब्द २०३७ अखेरपर्यंत संरक्षित आहेत. बाबूजी, सुधीर फडके, जुलै २००२ मध्ये गेले. त्यांच्या चाली २०६२ अखेरपर्यंत. या जोडीचं गाणं गाणाऱ्याला दोन निरनिराळ्या तारखा लक्षात ठेवायला हव्यात. ध्वनिमुद्रणाचा हक्क यापासून वेगळा, प्रकाशनापासून ६० वर्षं.

परवानगी न मागता कव्हर करता येतं का?

काही देशांत येतं. आणि यामागची गोष्ट पियानोपासून सुरू होते.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेत आपोआप वाजणारे पियानो विकले जायचे. त्यात भोकं पाडलेली कागदाची लांब गुंडाळी बसवायची, की पियानो गाणं वाजवायचा. गाण्यांच्या प्रकाशकांनी दावा केला की ही गुंडाळी म्हणजे आमच्या गाण्याची नक्कलच. १९०८ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने दावा फेटाळला: माणसाला डोळ्यांनी वाचता येत नाही ती नक्कल कशी? पुढच्याच वर्षी, १९०९ मध्ये, संसदेने कायदा बदलून गीतकारांना यांत्रिक नकलांवर हक्क दिला. पण एक बडी पियानो कंपनी सगळ्या प्रकाशकांशी करार करून बाजार गिळेल, अशीही भीती होती. म्हणून सोबत अट आली: एकदा गाणं परवानगीने मुद्रित झालं, की ठरलेला दर भरून दुसऱ्या कुणालाही ते मुद्रित करता येईल आणि मालकाला अडवता येणार नाही.

याला ‘मेकॅनिकल लायसन्स’ म्हणतात. पियानोची ती यंत्रं गेली, नाव राहिलं. सीडी आणि डाउनलोडसाठी २००६ पासून २०२२ पर्यंत हा दर एका गाण्याच्या एका प्रतीला ९.१ सेंट होता. गायक आपल्या शैलीप्रमाणे मांडणी बदलू शकतो, पण मूळ सुरावट आणि गाण्याचा गाभा बदलू शकत नाही.

मला ही व्यवस्था शहाणपणाची वाटते. यात गायकाला कुणाच्या मर्जीवर राहावं लागत नाही आणि गीतकाराचे पैसेही बुडत नाहीत.

मग ‘रागातांगा’चं काय?

ब्राझीलमध्ये २००२ सालीच टीव्हीवरच्या ‘पॉपस्टार्स’ या स्पर्धेतून ‘रूज’ नावाचा पाच मुलींचा गट निवडला गेला. हा कार्यक्रम मूळचा न्यूझीलंडचा. त्याच साच्यावर त्याच वर्षी भारतात चॅनल व्हीने ‘विवा’ हा मुलींचा गट उभा केला होता, तो काहींना आठवत असेल. रूजने ‘आसेरेखे’ची आवृत्ती ‘रागातांगा’ नावाने गायली. कडवी पोर्तुगीजमध्ये आणली, ध्रुवपद तसंच ठेवलं. ते बदलणार तरी कशात, जे कुठल्याच भाषेत नाही त्याचं भाषांतर कसं करणार?

कडवी दुसऱ्या भाषेत नेली की मेकॅनिकल लायसन्स पुरत नाही. भाषांतर करण्याचा आणि रूपांतर करण्याचा हक्क रचनेच्या मालकाकडे वेगळा राखलेला असतो. तिथे ठरलेला दर नाही, थेट विचारावं लागतं. मालक नाही म्हणू शकतो, किंवा नव्या शब्दांचा हक्कही मलाच हवा अशी अट घालू शकतो.

आपल्याकडे गाजलेल्या परभाषी गाण्यांची मराठी रूपं करून टाकण्याची हौस मोठी आहे, आणि त्यातली काही सुंदर असतात. पण ज्यांना वाटतं की शब्द माझे आहेत म्हणजे गाणं माझं, त्यांनी रागातांगाचा हा भाग पुन्हा वाचावा. शब्द तुमचे असले तरी चाल तुमची नाही, आणि भाषांतर असेल तर शब्दही पूर्णपणे तुमचे नाहीत.

भारतातला नियम

आपल्या कॉपीराइट कायद्यात कव्हरसाठी कलम ३१सी आहे. ते २०१२ च्या दुरुस्तीने आलं. त्याआधी वेगळी तरतूद होती, आणि तिच्या आधारावर ऐंशीच्या दशकात टी-सीरिजसारख्या कंपन्यांनी जुनी हिंदी गाणी नव्या गायकांकडून गाऊन घेऊन स्वस्त कॅसेटमधून विकली. त्या कॅसेटने नव्या आवाजांना काम दिलं आणि संगीत गरीब घरांत पोचवलं, हे मान्य करायलाच हवं. पण मूळ गायकाचा फोटो बघून कॅसेट घेतली आणि घरी आल्यावर आवाज दुसराच निघाला, हा अनुभवही त्या काळात अनेकांनी घेतला.

३१सी मध्ये त्यामुळेच कडक अटी आहेत. मूळ गाण्याचं पहिलं ध्वनिमुद्रण ज्या वर्षी झालं ते वर्ष संपल्यावर पाच कॅलेंडर वर्षं थांबायचं. मालकाला आधी नोटीस द्यायची, रॉयल्टी, म्हणजे वापराचा मोबदला, आगाऊ भरायची. वेष्टनावर मूळ गायकाचं नाव किंवा चित्र नको; उलट हे कव्हर आहे असं स्पष्ट छापायचं. शब्दांत किंवा चालीत असा बदल नको, जो आधी मालकाच्या संमतीने झालेला नाही किंवा तांत्रिकदृष्ट्या गरजेचा नाही. आणि ज्या माध्यमात मूळ गाणं शेवटचं निघालं त्याच माध्यमात कव्हर काढायचं, ते माध्यम बाजारातून गेलेलं नसेल तर.

सर्वांत जड अट पैशाची. एका गाण्यासाठी दर कॅलेंडर वर्षाला किमान ५०,००० प्रतींची रॉयल्टी भरावी लागते, मग विक्री पाचशेची होवो की पाच हजारांची. एखाद्या भाषेतला किंवा बोलीतला खप कमी असेल तर हा आकडा कमी करण्याची सोय कायद्यात ठेवली आहे. मराठी, कोकणी, अहिराणीत गाणाऱ्यांच्या कामाची ही ओळ आहे आणि ती फार कमी लोकांना माहीत असते. तरीही एकट्यादुकट्या गायकाला हा मार्ग झेपत नाही, असं माझं स्पष्ट मत आहे. कलम लिहिलं गेलं ते कॅसेट-सीडीच्या कंपन्या डोळ्यांसमोर ठेवून. घरी बसून मोबाइलवर गाणारी मुलगी त्यात कुठेच दिसत नाही.

व्हिडिओ टाकला की गोष्ट बदलते

३१सी किंवा मेकॅनिकल लायसन्स फक्त आवाजापुरतं असतं. गाणं चित्राला जोडलं की तिसरा हक्क जागा होतो, त्याला ‘सिंक लायसन्स’ म्हणतात. चित्रपट, जाहिरात, कव्हरचा व्हिडिओ, सगळं यात येतं. याला सरकारी दर नाही, मालक सांगेल ती किंमत.

मग यूट्यूबवर लाखो कव्हर टिकतात कशी? बहुतेक वेळा कंपन्यांनी आणि यूट्यूबने आपसात करार केलेले असतात. यंत्रणा गाणं ओळखते आणि मालकाला तीन पर्याय देते: व्हिडिओ बंद करा, त्यावरच्या जाहिरातींचे पैसे घ्या, किंवा फक्त प्रेक्षकसंख्येवर नजर ठेवा. बरेच मालक पैसे घेतात आणि व्हिडिओ राहू देतात. म्हणजे तुमचं कव्हर दिसतंय याचा अर्थ तुम्हाला हक्क मिळाला असा होत नाही. मालकाने आज हरकत घेतलेली नाही, एवढंच. उद्या करार संपला की तीच रील मुकी होऊ शकते.

‘पण आम्ही तर पैसे कमावत नाही’

हा आक्षेप सगळ्यांत जास्त ऐकू येतो. पैसे न कमावल्याने तुमची बाजू नैतिकदृष्ट्या बरी दिसते, परवानगीची गरज मात्र संपत नाही. घरात, मित्रांत गाणं वेगळं. इंटरनेटवर टाकणं म्हणजे जगापुढे प्रकाशित करणं.

‘खाली मूळ गायकाचं नाव लिहिलंय’ हाही असाच समज. नाव लिहायलाच हवं, पण नाव म्हणजे परवानगी नव्हे. शिवाय नाव लिहितानाही बहुतेक जण गायकाचं लिहितात आणि गीतकार-संगीतकाराला विसरतात, जेव्हा कव्हरमध्ये वापर होतो तो नेमका त्यांच्याच कामाचा.

‘पंधरा सेकंदच घेतले’ याला कायद्यात आधार नाही. अमुक सेकंद फुकट, असा नियम आपल्याकडे लिहिलेला नाही. आणि ‘कराओके ट्रॅक नेटवरून घेतला’ असेल तर तो ट्रॅकही कुणीतरी मुद्रित केलेला आहे. त्याचा वेगळा मालक असतो.

लग्नाचं मात्र ऐका. लग्नाची वरात आणि लग्नाशी जोडलेले समारंभ यांत गाणं वाजवण्याला कायद्याने सूट दिलेली आहे. त्या समारंभाचा व्हिडिओ गाण्यासकट यूट्यूबवर टाकला की ती सूट सोबत येत नाही.

पारंपरिक ओवी, भारूड, गोव्यातली जुनी लोकगीतं, ज्यांचा कर्ता अज्ञात आहे किंवा जाऊन काळ लोटला आहे, ती सर्वांची आहेत, मोकळेपणाने गा. फक्त एखाद्या कंपनीने काढलेली त्यांची रेकॉर्ड उचलू नका, आणि एखाद्या आधुनिक संगीतकाराने लावलेली नवी चाल ‘पारंपरिक’ म्हणून खपवू नका.

हातांच्या त्या हालचालींचा मालक कोण?

भारतीय कायद्यात नृत्यरचना ‘नाट्यकृती’त मोडते, पण ती लिहून किंवा चित्रित करून ठेवलेली असावी लागते. अमेरिकेतलं कॉपीराइट कार्यालय मोजक्या साध्या स्टेप्सची नोंदणी करत नाही. त्या वर्णमालेतल्या अक्षरांसारख्या सर्वांच्या मानल्या जातात. ‘आसेरेखे’ची स्टेप गॅदरिंगमध्ये नाचायला भिण्याचं कारण नाही.

ज्याचं नाव कुठेच आलं नाही

‘रॅपर्स डिलाइट’च्या तीन रॅपरपैकी बिग बँक हँक हा न्यू जर्सीतल्या एका पिझ्झाच्या दुकानात काम करायचा. तिथे तो टेपवर रॅप लावून सोबत गायचा, आणि ते ऐकूनच निर्मात्या सिल्व्हिया रॉबिन्सन यांनी त्याला घेतलं. त्याने गाण्यात म्हटलेल्या ओळींपैकी बऱ्याच त्याच्या नव्हत्या. त्या न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागातल्या ग्रँडमास्टर कॅझ या रॅपरच्या वहीतल्या होत्या. पुरावा गाण्यातच आहे: हँक आपली ओळख करून देताना ‘कॅसानोवा’ हे नाव अक्षर-अक्षर सुटं करून म्हणतो, आणि ‘कॅसानोवा फ्लाय’ हे कॅझचं टोपणनाव होतं. ओळी उचलल्या, त्यातलं नावसुद्धा बदललं नाही.

नाइल रॉजर्सला श्रेय मिळालं, कारण त्याच्यामागे नोंदलेली रचना, करार आणि वकील होते. कॅझकडे वही होती. त्याला ना श्रेय मिळालं ना पैसे. या सगळ्या साखळीत मला सर्वांत जास्त बोचतं ते हेच, आणि ही गोष्ट अमेरिकेपुरती नाही. आपल्याकडे चित्रपटांसाठी आणि कॅसेटसाठी लिहिणाऱ्या कितीतरी गीतकारांनी एकरकमी पैसे घेऊन कागदावर सही केली आणि पुढची रॉयल्टी कायमची गमावली.

२०१२ च्या दुरुस्तीत यावर उपाय आला. त्यासाठी जावेद अख्तर यांनी राज्यसभेत आणि बाहेर मोठी लढाई लढली. आता चित्रपटात किंवा ध्वनिमुद्रणात वापरलेल्या शब्दांचा आणि चालीचा कर्ता रॉयल्टीतला आपला समान वाटा करारात सोडून देऊ शकत नाही. तसं लिहून घेतलं तरी ते कायद्याने टिकत नाही. वारसांना किंवा कॉपीराइट संस्थेला तो देता येतो. चित्रपटगृहात चित्रपटासोबत गाणं दाखवलं जातं तेवढा वापर यातून वगळला आहे.

पण हा वाटा कर्त्याचा पत्ता शोधत घरी येत नाही. मुंबईतली इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, म्हणजे आयपीआरएस, १९६९ पासून गीतकार, संगीतकार आणि प्रकाशकांसाठी रॉयल्टी गोळा करते. सभासद व्हायचं, प्रत्येक गाण्याची नोंद करायची, शब्द कुणाचे आणि चाल कुणाची हे वाट्यासकट लिहायचं. तुम्ही मराठीत स्वतःचं गाणं करत असाल तर ते पहिल्यांदा अपलोड करण्याआधी ही नोंद करा, आणि गाणाऱ्या, लिहिणाऱ्या, वाजवणाऱ्या सगळ्यांनी मिळून कुणाचा किती वाटा हे एका साध्या कागदावर सह्यांनिशी लिहून ठेवा. मैत्री घट्ट असते तेव्हाच हा कागद होतो; गाणं चाललं की मग सहसा होत नाही.